कर्नलचा खोकला

माझ्या रेझ्युमेमध्ये न लिहिलेली एक नोकरी आहे. न्यू जर्सीतल्या पार्सिपनी गावात मी काही वर्षं खोकण्याचं काम केलं. पगार नव्हता. पण प्रयोग झाल्यावर मालकीणबाई हातची साबुदाण्याची खिचडी वाढायच्या आणि खोकला नेमका कुठे चुकला ते सांगायच्या. खिचडी नेहमीच चांगली असायची. खोकल्याबद्दल तसं म्हणता येणार नाही.

मालकीणबाई म्हणजे निर्मला सबनीस. गावातल्या यच्चयावत मराठी माणसांच्या सबनीस काकू. आमची ओळख झाली ती अपार्टमेंटच्या तळघरातल्या लाँड्री रूममध्ये, आणि तीही माझ्या मूर्खपणामुळे. २००२चा उन्हाळा होता. शिक्षण संपवून मला नुकतीच नोकरी लागली होती, लग्न व्हायचं होतं, आणि आठवडाभराचे कपडे घेऊन मी खाली उतरलो होतो. तर आतून मराठीत भांडण ऐकू आलं. एक भारदस्त पुरुषी आवाज कुण्या म्हातारीला दमात घेत होता. तुमच्या मुलीच्या गावाला दवाखाने नाहीत का, बाळंतपणाला तुम्ही कशाला हव्यात, असं काहीतरी. म्हातारी रडवेल्या आवाजात म्हणत होती, "दवाखाने आहेत हो साहेब, पण डिंकाचे लाडू कोण वळणार?"

माझ्यातला शूर पुरुष जागा झाला. तो फारसा जागा होत नाही, पण झाला की हमखास चुकीच्या वेळी होतो. बास्केट खाली ठेवून मी दार ढकललं आणि खड्या आवाजात विचारलं, वयस्कर बाईशी बोलायची ही काय पद्धत झाली?

आत साठीच्या एक ठेंगण्या बाई चादरीची घडी घालत होत्या. बाकी कोणी नाही. ड्रायर घुमत होते. मी मशीनच्या मागे वाकून पाहिलं. दाराआड पाहिलं. बाईंनी मला मनसोक्त शोधू दिलं. मग तोच भारदस्त आवाज त्यांच्या तोंडून आला, "सापडला का?" आणि पाठोपाठ त्यांचा स्वतःचा, "नाही ना? मग हे टोक धर."

चादरीचं ते टोक मी धरलं, ते पुढची सहा वर्षं सुटलं नाही.

काकूंच्या चेहऱ्यात लक्षात राहावं असं काहीच नव्हतं, आणि याचा त्यांना अभिमान होता. "नाक बेताचं, डोळे बेताचे. देवाने पाटी कोरी दिली, लिहायचं आपण," असं त्या म्हणत. त्यांची एक खोड होती. खोलीतून बाहेर जाणारी बाई आणि परत येणारी बाई एक असेलच याची खात्री नसायची. चहा टाकायला सबनीस काकू जात आणि बिस्किटांची बशी घेऊन एखादा रिटायर्ड कर्नल येई. मधल्या वेळात स्वयंपाकघरातून बोलणं अखंड चालू. दारात चार तऱ्हेच्या पादत्राणांचे जोड मांडलेले: कर्नलचे बूट, साहेबाचे चकचकीत शूज, म्हातारीच्या वहाणा आणि कॉलेजातल्या पोराचे मळके स्नीकर्स. पार्सल आणणाऱ्या माणसाची समजूत होती की ही बाई मोठ्या खटल्यात राहते. खरं तर काका जाऊन बरीच वर्षं झाली होती, एकुलता एक मुलगा अभिजित जॉर्जियात अल्फारेटाला असायचा, आणि काकू त्या घरात एकट्या होत्या. एकट्या आहेत असं वाटू द्यायचं नाही, हा सगळा त्याचाच बंदोबस्त होता, असं आपलं मला वाटतं. त्यांना कधी विचारलं नाही. विचारलं असतं तर उत्तर कर्नलने दिलं असतं.

हे वेड आलं कुठून, तर इंग्लंडमधून. सत्तरच्या दशकात सबनीस काका उत्तर इंग्लंडमधल्या एका गिरण्यांच्या गावात इंजिनियर होते. ते सकाळी जायचे आणि अंधार पडल्यावर यायचे, आणि हिवाळ्यात तिथे अंधार दुपारीच पडायचा. काकूंचं इंग्रजी बेताचं. सोबतीला भाड्याने आणलेला टेलिव्हिजन. त्याला त्या शेवटपर्यंत टेली म्हणत. टेलीवर आठवड्यातून एकदा एक विनोदी कार्यक्रम लागायचा. छोटे छोटे प्रवेश. बँकेचा मॅनेजर, पाद्री, पोलीस, पोलिसाची खाष्ट आत्या. काकू इमाने इतबारे बघायच्या आणि त्यांना एकच प्रश्न पडायचा, की या सगळ्यांची नाकं एकसारखी कशी? कितीतरी आठवडे त्या असं धरून चालल्या होत्या, की कुणीतरी वशिला लावून आपलं अख्खं खानदान नोकरीला चिकटवलंय. शेजारच्या डोरीनबाईंना त्यांनी तसं बोलूनही दाखवलं: पोलीस ठीक आहे, पण त्याची आत्या जास्त चांगलं काम करते. डोरीनबाई हसता हसता कुंपणावर ओणवल्या. मग काकूंना कळलं की पोलीस आणि आत्या एकच. एकच बाप्या.

"मला इतका राग आला म्हणून सांगू," काकू सांगायच्या. "फसवलं मेल्याने. म्हटलं थांब, तुला जमतं ना, मग मलाही जमेल."

पोलीस दारातून बाहेर जायचा आणि त्याच दारातून आत्या आत यायची, मध्ये जेमतेम एखादं वाक्य. काकूंनी बेडरूमच्या दाराची विंग केली आणि तालीम सुरू केली. काकांच्या शर्टांची बटणं तुटली, कोटाच्या बाह्या उसवल्या. डोरीनबाईंनी अक्कल दिली, की कपडा पाठीवर उभा चिरायचा, टिचबटणं लावायची आणि पुढून हात घालून चढवायचा. पुढे अमेरिकेत दाबला की चिकटणारा वेल्क्रो मिळाला, तेव्हा काकूंना चंद्रावर माणूस उतरल्यापेक्षा जास्त आनंद झाला. या तयारीला किती वर्षं गेली कोण जाणे, पण दोन-तीन वाक्यांत माणूस बदलायचा म्हणजे बदलायचा.

ही गोष्ट त्यांनी मला पहिल्यांदा सांगितली तेव्हा मी इंजिनियर असल्याचं मला आठवलं. मी म्हटलं, काकू, टेलीवर कॅमेरा थांबवतात. पोलिसाचं काम झालं की कट. मग आत्याचा मेकअप निवांत तासभर चालत असणार. नंतर दोन्ही तुकडे जोडतात. मग मला माझं बोलणं ऐकू आलं. बाईने अर्धं आयुष्य जे साधायला घालवलं, ते त्या बाप्याने कधी केलंच नव्हतं, असं मी तोंडावर सांगून बसलो होतो.

काकू चहा गाळत होत्या. गाळणं दोनदा आपटून म्हणाल्या, "मलाही कळलं ते नंतर. पण तोवर मला यायला लागलं होतं."

पार्सिपनीच्या आसपासच्या मराठी मंडळात काकूंचा एक प्रवेश दर वर्षी ठरलेला असायचा. नाव 'व्हिसाची खिडकी'. समोर बसलेल्यांपैकी प्रत्येक जण, किंवा निदान त्याची आई, कधी ना कधी त्या खिडकीसमोर उभी राहिलेली, त्यामुळे पडदा उघडायच्या आधीच लोक खुसखुसू लागत. माणसं चार. खिडकीतला गोरा साहेब. मुलाकडे निघालेला रिटायर्ड कर्नल, ज्याला रांगेत उभं राहणं हाच घोर अपमान वाटतो. लेकीच्या बाळंतपणाला निघालेली विधवा गोदाक्का. आणि अमेरिकेबद्दल सगळं ठाऊक असलेला एक आगाऊ विद्यार्थी. तो विद्यार्थी माझ्यावरून उचललाय असं लोक म्हणत. मी खात्री करून घेतली नाही. अर्जदार स्टेजवर असला की साहेब खिडकीआड, साहेब बाहेर आला की अर्जदार बाहेरच्या बाकावर. जाणारा बोलत बोलत विंगेत जाई, आतूनही त्याची बडबड चालूच राही, आणि ती संपायच्या आत दुसराच माणूस बाहेर पडे.

बदल काकू सेकंदात मोजत नसत, वाक्यांत मोजत. गोदाक्का दीड वाक्यात व्हायची, कारण नऊवारी शिवलेली होती. कर्नल दोन वाक्यांचा. साहेब सगळ्यात महाग, पँट आणि टायमुळे तीन वाक्यं खायचा. नियम एकच: स्टेज रिकामंही आणि गप्पही, असं कधी होऊ द्यायचं नाही. तसं झालं की त्याला त्या खिंडार म्हणत. आणि बदलताना कुणाच्या नजरेला पडायचं नाही. "बदलताना बघितलं की संपलं. मग मी नुसती सबनीसबाई."

माझी नेमणूक विंगेत होती. गुडघे टेकून पँट बुटांवर गोळा करून ठेवायची, पाठीचा वेल्क्रो लावायचा, आणि साहेब स्टेजवर असताना कर्नल बाकावर जिवंत आहे हे लोकांना कळावं म्हणून खोकायचं. "माणूस दिसायलाच हवा असं नाही," काकूंनी समजावलं होतं. "ऐकू आला की तो आहे. तू खोकलास की लोकांना तो बाकावर बसलेला दिसतो. नाही खोकलास तर गेला बिचारा."

मी खोकून दाखवलं. त्यांनी मान हलवली. "हा सर्दीचा झाला. कर्नलला सर्दी नाहीये. त्याला रांगेत बसवलंय."

अपमानाचा खोकला शिकायला मला दोन सीझन लागले. मध्यंतरी व्हायचं ते झालं. पाडव्याच्या कार्यक्रमाला मला इथल्या परागांची ॲलर्जी झाली होती. कर्नल स्वतः स्टेजवर खिडकीशी तावातावाने बोलत असताना मला विंगेत उबळ आली. म्हणजे कर्नल लोकांसमोर उभा आणि त्याचा खोकला आतून येतोय. मी तोंडात स्वतःची मूठ कोंबली, तरी थांबेना. कर्नलने सावकाश विंगेकडे पाहिलं आणि खिडकीतल्या साहेबाला सांगितलं, "आमचे धाकटे बंधू. घराण्यातच आहे."

पण धाकटा बंधू ही बढती होती, असं संक्रांतीच्या प्रयोगानंतर मला वाटायला लागलं. त्या वर्षी माझं नुकतंच लग्न झालं होतं. बायको तिच्या ऑफिसमधल्या तीन मैत्रिणींना घेऊन दुसऱ्या रांगेत बसली होती, नवऱ्याचं नाटकात मोठं काम आहे असं सांगून. बाहेर बर्फ, म्हणून मी आईने विणलेला लोकरी स्वेटर घातलेला. गोदाक्काच्या पाठीचा वेल्क्रो मी घाईत दाबला तेव्हा त्यात स्वेटरची बाही गेली. गोदाक्का ठरल्या वाक्याला स्टेजवर निघाली. मीही निघालो. मला निघायचं नव्हतं, पण ती बाई अशी जोरात चालायची की थांबता येईना. प्रकाशात आलो तेव्हा मी तिच्या पाठीला हात चिकटवून, अर्धा वाकून, शेपटासारखा मागे होतो. मला बायकोचा चेहरा दिसला. तो मी अजून विसरलेलो नाही, तिनेही विसरू दिलेला नाही.

गोदाक्काने वळून मला आपादमस्तक पाहिलं. पदर सावरला. खिडकीकडे वळून हताश आवाजात म्हणाली, "बघा ना साहेब. जाऊन वर्ष झालं. तरी एकटीला कुठे सोडत नाहीत."

लोक खुर्च्यांवरून घसरले. मेलेला नवरा असल्यामुळे मला संवाद नव्हता. संपूर्ण मुलाखतभर मी तसाच उभा राहिलो, आणि जाताना तिच्या मागोमाग गेलो. पुढचं वर्षभर ग्रोसरीच्या दुकानात अनोळखी माणसं मला भेटून म्हणत, छान मेलात हो तुम्ही.

नंतर काकूंचा गुडघा बदलावा लागला. धातूचा नवा गुडघा. डॉक्टर खूश होते, काकू जिने चढत होत्या, गाडी चालवत होत्या. फक्त तो गुडघा पूर्वीसारखा झटकन वाकेना. तालमीत दोन वाक्यांचा कर्नल चार वाक्यांचा झाला. काकूंनी वाक्यं वाढवली. त्या वर्षीच्या गणपतीला, हायस्कूलच्या सभागृहात, साहेबाच्या पँटमध्ये गुडघा अडकला. मी खालून ओढतोय, काकू वरून ओढतायत, आणि आतून विद्यार्थ्याची बडबड चालू ठेवतायत. वाढवलेली वाक्यं संपली. त्यांनी पहिलं वाक्य पुन्हा म्हटलं. तेही संपलं. मग विंगेत फक्त आमचे श्वास. स्टेज रिकामं, स्टेज गप्प.

मंडळाचे सेक्रेटरी बर्वे भला माणूस. पुऱ्या गरम असताना लोकांच्या पानात पडाव्यात एवढंच त्यांचं आयुष्यातलं मागणं. त्यांना वाटलं झालं. माईक घेऊन ते म्हणाले, "तर मंडळी, जेवण रेडी आहे. प्लीज लाइन करा."

अमेरिकेतल्या मराठी मंडळात या वाक्यानंतर कोणतीही कला जिवंत राहिल्याचं मला माहीत नाही. साहेब टाय घट्ट करत बाहेर आला तेव्हा समोर नुसत्या पाठी होत्या. दाराकडे सरकणाऱ्या, बटाट्याच्या भाजीच्या वासाने निघालेल्या पाठी. साहेब खिडकीत उभा राहिला. सबनीस काकूंना वाक्य सुचलं नाही असं मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं.

घरी येताना गाडीत मी बर्व्यांना शिव्या घालायला सुरुवात केली.

"बर्व्याचं काय चुकलं?" त्या म्हणाल्या. "खिंडार मी पाडलं." मग थोड्या वेळाने, "आणखी एकदा करून बघू. परत पडलं तर चौघांनाही रिटायर करायचं, आणि मी जाते अभिजितकडे. तो बोलावतोच आहे. तिथे मोठं बेसमेंट आहे म्हणे. गप्प बसायला तेवढं लागत असेल."

हे त्यांनी इतक्या सहज सांगितलं की मी सिग्नल चुकलो. मला माहीत होतं की चौघं गेले तर त्या घराच्या दारात चपलांचा एकच जोड उरेल.

आणखी एकदाची ती वेळ पुढच्या वसंतात आली. व्हर्जिनियातल्या हर्नडनच्या मंडळाने बोलावलं. काकूंनी हिवाळाभर तालीम केली, साहेबाची पँट दोन्ही अंगांनी उसवून वेल्क्रोवर घेतली, बदल तीन वाक्यांवर आणला. कपड्यांची बॅग आदल्या दिवशी माझ्याकडे आणून ठेवली. काळी, चाकांची, विमानतळावर ओळखू यावी म्हणून मुठीला लाल रिबीन बांधलेली.

आता अडचण अशी, की त्याच वेळी माझे आईवडील आमच्याकडे सहा महिने राहून भारतात परत निघाले होते. विमान प्रयोगाच्या दुसऱ्या दिवशीचं. आणि आईच्याही बॅगा दाराशीच भरून ठेवलेल्या होत्या. काळ्या, चाकांच्या, विमानतळावर ओळखू याव्यात म्हणून लाल रिबीन बांधलेल्या. अमेरिकेत येणाऱ्या प्रत्येक मराठी आईला ही युक्ती एकटीला सुचलेली असते.

चार-साडेचार तास गाडी चालवून हर्नडनला पोचलो. एका वर्गात आमची ग्रीनरूम होती. बाहेर लहान मुलांचा कोळीनाच चाललेला, त्यानंतर आम्ही. मी रुबाबात बॅग बाकावर ठेवून चेन उघडली. वर बदामाची पाकिटं. त्याखाली सेलमधली डबल बेडची चादर. मग भाच्यासाठी बेसबॉलची टोपी, मल्टिव्हिटॅमिनच्या गोळ्यांची जंगी बाटली, वडिलांची घडीची छत्री, हॉटेलांतून गोळा केलेले साबण, आणि नायगाराच्या बोटीत मिळालेला निळा प्लास्टिकचा रेनकोट, नीट इस्त्री केल्यासारखी घडी घातलेला.

तेवढ्यात फोन वाजला. आई होती. दबक्या आवाजात म्हणाली, "मिलिंद, तुझ्या बॅगेत मिशा निघाल्या. आणि एक नऊवारी आहे, पाठ फाडलेली. सूनबाईला विचारू, की नको?"

मी फोन ठेवला आणि खाली बसलो. मी म्हटलं, काकू, मी जाऊन सांगतो त्यांना की तब्येत बरी नाही. कॅन्सल करू.

काकू बॅगेत बघत होत्या. एकेक वस्तू काढून बाकावर मांडत होत्या, बाजारात भाजी निवडावी तशी. बाटली हातात घेऊन त्यांनी बाकावर आपटून पाहिली. दणकन आवाज झाला. पुन्हा एकदा आपटली.

"तुझ्या आईचं विमान कधीचं आहे?"

"उद्याचं."

"मग काही फाडायचं नाही," त्या म्हणाल्या. "भर परत सगळं. दोन खुर्च्या माग त्यांच्याकडे. तू फक्त खोक."

खिडकी नाही, विंगेत जाणं नाही. स्टेजच्या मधोमध दोन खुर्च्या, एकीवर आईची बॅग आणि दुसरीवर सबनीस काकू, साध्या पँट-कुर्त्यात. मी विंगेतून पाहत होतो आणि माझे हात रिकामे होते. बदलताना दिसायचं नाही हा त्यांचा जन्माचा नियम, आणि आता लपायला जागाच नव्हती.

काकूंनी बॅगेत हात घातला आणि हात आत असतानाच बोलायला सुरुवात केली. चादर बाहेर आली, डोक्यावरून पदर झाली, आणि गोदाक्का साहेबाला सांगू लागली की बॅगेत काही नाही हो, लेकीसाठी थोडं खायचं. बोलता बोलता तिचा हात पुन्हा बॅगेत. वाक्य संपायच्या आत बाटली दणकन आपटली. शिक्का पडला होता, पदर खांद्यावरून कधी उतरला ते कळलं नाही, आणि खुर्चीत साहेब बसला होता. साहेब बॅगेतल्या वस्तू एकेक करून उचलून विचारू लागला, हे काय, ते काय, हॉटेलचा साबण कुणाचा. सभागृहातल्या प्रत्येकाच्या आईची बॅग तिथे उघडी पडली होती. लोक आधी हसले, मग ओरडू लागले, मग एकमेकांना ढोसून दाखवू लागले. साहेब बोलत असताना मी खोकलो. खोकला बरोबर पडला. काकू नंतर म्हणाल्या, की घाबरलेल्या माणसाचा खोकला अपमानाच्या बराच जवळ असतो. साहेबाने वैतागून बाहेरच्या बाकाकडे पाहिलं, हात बॅगेत गेला, छत्री बगलेत आली, आणि बसल्या बसल्या पाठ ताठ होत होत कर्नल झाला. टोपी उलटी बसली की आगाऊ पोरगा. माणूस डोळ्यांसमोर बदलत होता आणि तरी कुठे बदलला ते सापडत नव्हतं. मध्ये केसभरही फट नव्हती. शेवटी गोदाक्काला व्हिसा मिळाला. तिने नायगाराचा निळा रेनकोट चढवला, टोपी नीट केली आणि गुडघा सांभाळत, बॅग ओढत, लेकीला हाका मारत विंगेत गेली. आतूनही ती बोलत राहिली. लोक उभे राहिले होते. जेवणाची घोषणा करायला कुणीतरी माईक घेऊन आलं, आणि त्याला लोकांनी खाली बसवलं.

आवराआवर करत असताना इथेच जन्मलेली एक नऊ-दहा वर्षांची मुलगी आत आली. मराठी तिला फारसं येत नसावं. तिने काकूंना नीट न्याहाळलं आणि इंग्रजीत विचारलं, तो आर्मीवाला माणूस तुमच्यापेक्षा उंच कसा होता? परतीच्या सबंध वाटेवर त्या मधूनच हसत होत्या.

माझी आई दुसऱ्या दिवशी बॅग पुन्हा भरताना मला एक शब्द बोलली नाही, म्हणजे किती रागावली होती ते समजा. काकूंनी फोन करून रेनकोट ठेवून घेऊ का विचारलं. आई म्हणाली, "ठेवा हो. मला तिकडे कुठला मेला धबधबा भेटतोय?" मग माझ्याकडे बघून, "आणि तुमच्या मिशा परत पाठवते."

मिशा परत आल्या, पण काकूंनी त्या पुन्हा लावल्या नाहीत. पुढचे सगळे प्रयोग एक बॅग आणि दोन खुर्च्यांवर झाले. ज्या गावाला जायचं तिथल्याच कुणाच्या तरी आईची बॅग त्या मागून घेत आणि आत काय आहे ते स्टेजवर गेल्याशिवाय बघत नसत. माझं वेल्क्रोचं खातं बंद झालं. खोकला तेवढा माझ्याकडे राहिला.

२००८मध्ये त्या अल्फारेटाला गेल्याच, पण जाताना तिकडच्या मंडळाची गणपतीतली तारीख घेऊन गेल्या. सामानाचा ट्रक घेऊन अभिजित आधीच पुढे गेला होता, म्हणून न्यूअर्क विमानतळावर मी सोडायला होतो. सिक्युरिटीच्या रांगेशी दोरीपाशी मला थांबावं लागलं. पुढे लोक बूट काढताना धडपडत होते, पट्ट्यांशी झगडत होते. काकू मला वळून सांगत होत्या की फ्रीजमधली चटणी घेऊन जा, आणि ते सांगता सांगता बूट, जॅकेट, घड्याळ, बांगड्या ट्रेमध्ये गेल्या. चटणीचं वाक्य संपलं तेव्हा त्या मेटल डिटेक्टरच्या चौकटीपाशी होत्या. मागचे दोन प्रवासी अजून पहिल्या बुटाच्या नाडीवर होते.

चौकट केकाटली. गुडघा.

त्यांना बाजूला घेऊन जमिनीवरच्या पिवळ्या पावलांवर उभं केलं. हात पसरून. कुणीतरी बाई गार्ड येईपर्यंत थांबायचं होतं. ती येत नव्हती. मोज्यांवर उभ्या, बांगड्या नसलेले हात दोन्हीकडे पसरलेले, पाठ माझ्याकडे. त्या गणपतीच्या प्रयोगानंतर पहिल्यांदा त्यांच्या बाजूने कसलाच आवाज येत नव्हता. त्या नुसत्या सबनीसबाई दिसत होत्या, आणि खूप लहान.

मी खोकलो.

रांगेतली माणसं माझ्यापासून दोन पावलं सरकली. काकूंनी मागे पाहिलं नाही. पण त्यांची हनुवटी वर गेली. खांदे मागे गेले. पसरलेले हात झडती देणाऱ्याचे राहिले नाहीत, झडती घेऊ देणाऱ्याचे झाले. बाई गार्ड हातातलं यंत्र घेऊन लगबगीने आली, त्यांच्यासमोर थांबली, आणि का कोण जाणे, आधी स्वतः ताठ उभी राहिली.

झडती झाली. काकूंनी ट्रेमधून सामान उचललं, घडीचा निळा रेनकोट बगलेत मारला आणि लांब ढांगा टाकत कॉरिडॉरमधून चालू लागल्या. वळणावर दिसेनाशा झाल्या. दोरीवर हात ठेवून मी तिथेच उभा होतो. काही वेळ नुसत्या चाकांच्या बॅगांचा खडखडाट.

मग वळणापलीकडून, रांगेत उभं केल्याचा अजूनही राग असलेला, एक खोकला आला.